वाढदिवसाला एक माणूस रिकामा ठेवा

मला वाढदिवसांचे वावडे नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण घरात मी या विषयावर तोंड उघडले की "आजीला केकच आवडत नाही" असे म्हणून विषय मिटवला जातो. केक मला आवडतो. चांगला दोन तुकडे आवडतो! तक्रार केकबद्दल नाही, त्याच्याभोवती जे काही चालते त्याबद्दल आहे.

आमच्या लहानपणी वाढदिवस तिथीने व्हायचा. सकाळी तेल लावून न्हाऊ घालायचे, पाटावर बसवून औक्षण, गोडाचा शिरा, संपले. सगळ्या समारंभात जाळ म्हणाल तर निरांजनाची एक वात, आणि तीही आईच्या हातातल्या तबकात. आता तोच समारंभ हॉलवर गेला, गच्चीवर गेला, मळ्यात गेला. जाऊ दे की, काळ बदलतो. पण त्याबरोबर फुगे आले, फवारे आले, ठिणग्या उडवणाऱ्या मेणबत्त्या आल्या, दिव्यांच्या माळांच्या वायरी आल्या, आणि मुलांकडे बघणारे डोळे मात्र फोनमध्ये गेले.

ती ठिणग्यांची मेणबत्ती घ्या. मेणबत्ती हे तिचे नुसते नाव. ती फुलबाजीची धाकटी बहीण आहे, आत दारूच असते. फुलबाजीचे टोक हजार अंशांच्या घरात तापते हे मुलांना शाळेत सांगावे लागायचे, आता हीच वस्तू आपण तीन वर्षांच्या पोराच्या नाकासमोर पेटवतो आणि त्याला म्हणतो, "वाक, वाक, फुंकर मार!" त्याच वेळी मागून एखादा मामा फेसाचा डबा उडवतो. त्या डब्यात फेस बाहेर ढकलायला भरलेला वायू बहुतेक वेळा पेट घेणारा असतो. एकीकडे जाळ, दुसरीकडे वायू, मधे मुलाचे केस आणि नायलॉनचा झगा. याला नशीब कसे म्हणायचे?

आणि ही मेणबत्ती कोण बनवते? ८ डिसेंबर २०२३ रोजी पिंपरी-चिंचवडमधल्या तळवडे भागात अशाच मेणबत्त्यांच्या कारखान्यात आग लागली. काम करणाऱ्या बहुतेक बायकाच. सहा जणी त्याच दिवशी गेल्या आणि नंतर उपचार चालू असताना आकडा आणखी वाढला. मी त्या दिवसापासून ती मेणबत्ती असलेल्या केकला हात लावत नाही. मुलाच्या आनंदासाठी म्हणून आपण वीस-तीस सेकंद जे पेटवतो, त्यासाठी कुणाची तरी आई दारू भरत बसलेली असते. घरच्यांना हे बोलणे अति वाटते. वाटू दे.

फुग्यांचेही तसेच. वर जाणारा फुगा हवा तर हेलियम लागतो आणि तो महाग. रस्त्यावरच्या स्वस्त फुग्यांत बहुधा हायड्रोजन असतो, आणि तो कॉस्टिक सोडा व अॅल्युमिनियमचे तुकडे घालून जुन्या नळकांड्यात तयार केलेला असतो. लातूरला ऑक्टोबर २०२३ मध्ये असेच सिलिंडर फुटले, फुगेवाला गेला आणि भोवती जमलेली अकरा मुले जखमी झाली. त्या फुगेवाल्याला नावे ठेवायला मी तयार नाही. तो पोट भरत होता. आपण मात्र फुगेवाल्याला सिलिंडरसकट मांडवात बोलावू नये, एवढे तर आपल्या हातात आहे. तोंडाने फुगवलेले फुगे लावा. फुटलेल्या फुग्याचे तुकडे मात्र लगेच वेचा, कारण रांगणारे मूल ते तोंडात घालते आणि तो रबरी तुकडा घशाला चिकटून बसतो.

आता माझा मुख्य मुद्दा. शाळेत आम्ही सहल काढायचो तेव्हा गाडीत चढताना मुले मोजायची, उतरताना मोजायची, जेवणानंतर पुन्हा मोजायची. आणि मोजायचे काम एकाच बाईंकडे. दोघींकडे दिले की हमखास घोटाळा, कारण प्रत्येकीला वाटते दुसरीने मोजली असतील. वाढदिवसाला मोठी माणसे तीस असतात आणि मुलांकडे एकाचेही लक्ष नसते, ते याच कारणाने. आई पाहुण्यांत, वडील फोटोग्राफरमागे, आजोबा खुर्चीत, आणि प्रत्येकाला वाटते की कुणीतरी बघत असेल. म्हणून माझे म्हणणे एवढेच की एक माणूस रिकामा ठेवा. त्याने वाढायचे नाही, फोटो काढायचे नाहीत, फोन खिशात. फक्त मुले बघायची. तासाने दुसरा येईल. लग्नात आपण चपला सांभाळायला माणूस ठेवतो, मग इथे का नको?

हॉल घेतला असेल तर या माणसाने आधी जाऊन दारे बघावीत. मी गेल्या वर्षी एका हॉलवर गेले होते (नाव घेत नाही), मागच्या दाराला कुलूप आणि त्यापुढे खुर्च्यांची थप्पी. किल्ली विचारली तर म्हणे मॅनेजर जेवायला गेलेत! मुंबईत कमला मिलमध्ये २९ डिसेंबर २०१७ च्या मध्यरात्री वाढदिवस साजरा होत असतानाच आग लागली, १४ जण गेले, आणि बरेचसे धुराने, स्वच्छतागृहात आसरा घेतला म्हणून. राजकोटचा गेमझोन २५ मे २०२४ चा. तिथे तर मुलेच खेळायला आली होती. आणि लांब कशाला जायचे, ६ नोव्हेंबर २०२१ ला आपल्या नगरच्या सिव्हिल हॉस्पिटलच्या अतिदक्षता विभागात काय झाले ते आपण विसरलो नाही. कुलूप काढून घेतल्याशिवाय केक कापायचा नाही असे यजमानाने म्हटले तर कोणता हॉलवाला नाही म्हणेल?

आपल्या जिल्ह्यात मात्र मला आगीपेक्षा पाण्याची धास्ती जास्त वाटते. हल्ली वाढदिवस मळ्यात करायची टूम आहे. वस्तीवर मांडव, हुरड्याच्या दिवसांत हुरडा, मुले मोकळी. छानच आहे. पण प्रत्येक वस्तीपाशी शेततळे आहे, आणि २०१६ च्या 'मागेल त्याला शेततळे' योजनेनंतर तर ती फार वाढली. दुष्काळी भागाला त्यांनी आधार दिला हे खरेच. पण त्या तळ्याला आतून प्लास्टिकचा कागद असतो आणि त्यावर शेवाळ धरते. विहिरीला निदान पायऱ्या, कपारी तरी असतात. इथे काठ उतरता आणि गुळगुळीत, पोहता येणाऱ्या मोठ्या माणसालाही वर येता येत नाही. चेंडू गेला म्हणून एक मूल उतरते, त्याला काढायला दुसरे. दरवर्षी उन्हाळ्याच्या सुट्टीत अशा बातम्या वाचतो आपण.

म्हणून कुंपण तर हवेच, पण चारी बाजूंनी गाठी मारलेले दोर आत सोडून ठेवावेत, काठावर हवा भरलेली ट्यूब किंवा झाकण घट्ट लावलेले रिकामे कॅन बांधून ठेवावेत. कुणी पडलेच तर उडी मारू नये. दोर, साडी, धोतर, जे हाताशी असेल ते टाकावे. बाहेर काढलेल्या मुलाला उलटे धरून गरगर फिरवण्याची किंवा पोट दाबून पाणी काढण्याची आपल्याकडे पद्धत आहे, ती सोडा. त्यात मोलाची मिनिटे जातात. श्वास नसेल तर लगेच तोंडाने श्वास द्यायचा आणि छाती दाबायला सुरुवात करायची, आणि दुसऱ्याने १०८ ला फोन लावायचा. वस्तीचा पत्ता नीट सांगता आला पाहिजे, कोणता फाटा, कोणता डीपी, कोणते देऊळ. तो आधीच कागदावर लिहून ठेवा.

मी शाळेत बरीच वर्षे गाइडच्या मुलींना प्रथमोपचार शिकवले, त्यामुळे थोडे बाईंसारखे बोलते, चालवून घ्या. भाजले तर नळाच्या वाहत्या पाण्याखाली वीस मिनिटे धरायचे, घड्याळ लावून. बर्फ नाही, हळद नाही, तूप नाही, टूथपेस्ट तर मुळीच नाही. अंगठी-बांगडी सूज यायच्या आत काढायची, चिकटलेला कपडा मात्र ओढायचा नाही, आणि स्वच्छ सुती कापडाने झाकून दवाखान्यात न्यायचे. कपड्यांनी पेट घेतला तर मूल पळत सुटते, आणि पळाले की जाळ वाढतो. त्याला आडवे पाडून सतरंजीत किंवा गोधडीत गुंडाळायचे.

घशात अडकले आणि मूल जोरात खोकत असेल तर खोकू द्यावे. आवाजच बंद झाला तर पुढे वाकवून दोन्ही खांद्यांच्या फऱ्यांमध्ये तळहाताच्या टाचेने पाच दणके. निघाले नाही तर मागून मिठी मारून बेंबीच्या वर पाच वेळा आत-वर दाब. पुन्हा दणके. वर्षाच्या आतल्या बाळाचे पोट दाबायचे नाही. त्याला डोके खाली करून हातावर पालथे घ्यायचे, पाठीवर दणके, मग उताणे करून दोन बोटांनी छातीवर दाब. घास दिसत नसताना तोंडात बोट घालून चाचपू नये, तो आणखी आत जातो. द्राक्षे लहानांना उभी चिरूनच द्यावीत, आणि शेंगदाणे-फुटाणे पाच वर्षांच्या आतल्यांना नकोतच.

परतभेटीच्या पुड्यांचे राहिलेच. दिवे लागणारी घड्याळे, गाणाऱ्या बाहुल्या, सगळ्यांत ती गोल चपटी बटणाएवढी बॅटरी असते. ती गिळली गेली तर अन्ननलिका दोन तासांत आतून जळू लागते, मूल बाहेरून खेळत असले तरी. उलटी करवत बसू नका, शौचातून पडेल म्हणून वाट बघू नका, सरळ मोठ्या दवाखान्यात जाऊन एक्स-रे काढा. आमच्या धाकट्या नातीच्या वाढदिवसाला यंदा सुनेने पुड्यांत चिंचेच्या गोळ्या आणि एकेक वही घातली होती. मुलांनी वह्या तिथेच उघडून चित्रे काढायला घेतली, आणि रिकामा माणूस म्हणून बसलेल्या आमच्या भाच्याला तेवढ्या वेळात निवांत केक खाता आला.