पांढरीचा वरचा थर

ऑक्टोबर २०२३मध्ये मध्य प्रदेशातल्या छिंदवाडा जिल्ह्यातून पांढुर्णा आणि सौंसर वेगळे होऊन नवा पांढुर्णा जिल्हा झाला. जिल्हा झाला की कचेऱ्या येतात, रस्ते रुंद होतात, जमिनीला भाव येतो आणि जुन्या वाड्याच्या जागी दुकानांचे गाळे उभे राहतात. लोकांना हे हवेच होते. पण या घाईत गेल्या तीनशे वर्षांतल्या साध्या माणसाच्या जगण्याचा पुरावा कायमचा नाहीसा होतो आहे. तो वाचू शकेल असा अभ्यासक आपण घडवलेलाच नाही.

हा मुलूख देवगडच्या गोंड राजांचा, मग नागपूरकर भोसल्यांचा. १८५४मध्ये इंग्रजांनी तो खालसा केला. १९५६च्या राज्यपुनर्रचनेत विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि हा मराठी पट्टा मध्य प्रदेशात राहिला. राजांचा इतिहास कागदांत सापडतो. जेन्किन्स यांचा नागपूर राज्यावरचा १८२७चा अहवाल आहे, रसेल यांचे १९०७चे छिंदवाडा गॅझेटियरही आहे. पण कागद लिहिणाऱ्यांना राज्य चालवायचे होते. गरिबाघरची चूल कोणत्या भिंतीला होती, पेवात किती धान्य मावे, मडकी कुठल्या बाजारातून येत, हे जमिनीलाच विचारावे लागते. गावाच्या पांढरीत, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीत, फुटक्या खापऱ्या, चिलमी, झिजलेली जाती, राखेचे थर असतात. कौंडिण्यपूर खणणारे मोरेश्वर दीक्षित यांनी भारतीय काचेचा इतिहास लिहिला, तेव्हा बांगड्यांचे तुकडेही त्यांच्या लेखी पुरावाच होते.

विदर्भातली नावाजलेली उत्खनने आठवून पाहा: टाकळघाट-खापा, माहुरझरी, पवनी, मनसर. शिळावर्तुळे, स्तूप, वाकाटक. ते काम थोरच आहे. पण खाली पोचण्याच्या ओढीत वरचा थर ‘अलीकडचा’ ठरतो आणि तो भराभर उपसला जातो. ब्रिटनमध्ये मध्ययुगोत्तर पुरातत्त्वाला वाहिलेली संस्था १९६०च्या दशकापासून चालू आहे. आपल्याकडे आर. एन. मेहता यांनी चांपानेरला आणि म. श्री. माटे यांनी दौलताबादला मध्ययुगाकडे गंभीरपणे पाहिले. पण ही दोन्ही राजधानीची ठिकाणे. कापूस पिकवणाऱ्या गावाची पाळी क्वचितच आली.

डेक्कन कॉलेजात किंवा नागपूर विद्यापीठात पुरातत्त्व शिकलेल्या मुलीने ‘मी अठराव्या शतकातल्या शेतकऱ्याच्या घराचा अभ्यास करणार’ असे ठरवले, तर पीएच.डी.नंतर तिने पोट कशावर भरायचे? जिल्ह्यात पद नाही म्हणून ती दुसरा विषय घेते आणि माणूस नाही म्हणून पदाची मागणी होत नाही. हे दुष्टचक्र शासनानेच तोडायला हवे. कायद्याचाही आधार तोकडा आहे. १९५८चा केंद्रीय कायदा शंभर वर्षांची अट घालतो. ती पुरी करणारे मातीचे घरही कोणी संरक्षित म्हणून जाहीर केल्याशिवाय उघडेच. ते जाहीर कोण करणार?

दरम्यान पांढरीची माती शेतात टाकायला नेली जाते. पितळेचा गुंड भंगारात किलोवर जातो. नागपूर-छिंदवाडा नॅरोगेज रेल्वे २०१५मध्ये बंद झाली; इंजिनांसाठी नागपूरच्या मोतीबागेत संग्रहालय आहे, हे बरेच आहे. पुण्यात दिनकर केळकरांनी दिवे, अडकित्ते आयुष्यभर गोळा केले, त्यांचे ऋण मोठे आहे. पण उचलून आणलेला दिवा कुठल्या कोनाड्यात जळत होता, हे कपाटाच्या काचेतून कळत नाही. वस्तूची जागा मोडली की तिची निम्मी साक्ष जाते. म्हणून नोंद घर पडण्याआधी व्हायला हवी.

कुणाचे पक्के घर अडवा, असे आम्ही म्हणणार नाही. कवेलू दर पावसाळ्याआधी चाळणे, ओलीने फुगलेली भिंत लिंपणे यात बायांची कंबर मोडते. पंतप्रधान आवास योजनेचे घर हा त्यांचा हक्क आहे. उलट याच योजनेने नोंदीची वाट करून ठेवली आहे. ग्रामीण योजनेत लाभार्थ्याच्या आधीच्या घराचे छायाचित्र ठिकाणाच्या नोंदीसह काढले जाते. पात्रता ठरली की ते संगणकात पडून राहते. सरकारी खर्चाने आपोआप जमलेला एवढा मोठा संग्रह या भागातल्या घरांविषयी दुसरा कुठे असेल?

पांढुर्णा जिल्हा प्रशासनाने एक पुरातत्त्वज्ञ पूर्ण पगारावर नेमावा. मराठी, गोंडी आणि मोडी यांच्याशी ओळख असणारा. ती छायाचित्रे त्याच्या हाती द्यावीत, घर पाडण्याआधी एक दिवस त्याला आत जाऊ द्यावे. ओसरी, चूल, पेव मोजू द्यावे, म्हातारीशी बोलू द्यावे. नवा पाया खणताना निघणाऱ्या खापऱ्या ग्रामपंचायतीने गावाचे नाव लिहून पोत्यात ठेवाव्यात. आणि पुढच्या मंजुरीपत्रांची यादी निघण्यापूर्वी ही नेमणूक व्हावी, कारण त्या यादीतली घरे त्यानंतर उभी नसतील.