कलावंत-परिचय : रोमन क्रॉयटर

ओटावा नगरीत १९४१ साली जन्मलेले गायक पॉल अँका यांचे नाव येथील बहुतेक घरांत ठाऊक आहे. परंतु त्यांच्यावर ज्यांनी अनुबोधपट निर्माण केला, ते रोमन क्रॉयटर थोड्यांनाच माहीत असतात. थोरांचे चित्र रेखाटणारा बहुधा स्वतः अंधारातच राहतो.

क्रॉयटर यांचा जन्म १९२६ साली सस्कॅचेवान प्रांतातील यॉर्कटन गावी, युक्रेनी वंशाच्या कुटुंबात झाला. मॅनिटोबा विद्यापीठात तत्त्वज्ञान व मानसशास्त्र यांचे अध्ययन करून ते ‘नॅशनल फिल्म बोर्ड’ या सरकारी चित्रसंस्थेत दाखल झाले. ही संस्था १९३९ साली ओटावातच स्थापन झाली. १९५६ मध्ये तिचे मुख्य कार्यालय माँट्रियलला गेले.

त्यांच्या आरंभीच्या एका चित्राचा नायक कोणी गवई नव्हता. पोलंडहून आलेला पॉल टॉमकोविच हा वृद्ध कामगार विनिपेगच्या कडाक्याच्या थंडीत, रात्रीच्या वेळी, ट्रामच्या रुळांवरील बर्फ काढीत असे. १९५३ सालच्या त्या लहानशा चित्रात त्याचा झाडू, त्याचा कंदील व त्याचे जेवण एवढेच दिसते. पण पोटासाठी परमुलखात आलेल्या माणसाचे सारे आयुष्य त्यात उतरले आहे. ज्यांच्या पणजोबांनी उसाच्या मळ्यांत घाम गाळला, त्यांना या चित्राचे मोल वेगळे सांगावयास नको.

पुढे मोठमोठ्या संगीतकारांकडे वळल्यावरही क्रॉयटर यांनी हीच दृष्टी सोडली नाही. जर्मनीतून कॅनडात आलेले वुल्फ केनिग यांच्यासह त्यांनी १९५९ साली पियानोवादक ग्लेन गूल्ड यांच्यावर दोन चित्रे केली. पहिल्यात गूल्ड सिम्को सरोवराकाठच्या आपल्या घरी एकांतात रियाझ करताना दिसतात. दुसऱ्यात ते न्यूयॉर्कच्या ध्वनिमुद्रणगृहात बाखची एक रचना वाजवितात. मनासारखी उतरेपर्यंत पुनःपुन्हा वाजवितात.

१९६२ साली ‘लोन्ली बॉय’ हा अँका यांच्यावरील अनुबोधपट आला. किंकाळ्या फोडणाऱ्या तरुणींचे थवे त्यात आहेतच; पण त्या कोलाहलामागे हा मुलगा ‘तयार’ कसा केला गेला, वजन कसे उतरविले, नाकाची ठेवण कशी बदलली, हेही उघड दाखविले आहे. एका प्रसंगी नाइट-क्लबचा मालक अँका यांचे चुंबन घेतो, आणि पडद्याआडून दिग्दर्शकाचा आवाज ते पुन्हा घेण्यास सांगतो. दुसऱ्याने कोणी हा तुकडा कापून टाकला असता. क्रॉयटर व केनिग यांनी तो तसाच ठेवला, आणि पडद्यावरील सत्यालाही माणसाचा हात लागलेला असतो, याची निमूट कबुली दिली.

१९६५ साली याच जोडीने संगीतकार स्त्राविन्स्की यांच्यावर चित्र केले. त्यात वृद्ध रचनाकार वाद्यवृंदाकडून आपलीच रचना घासूनपुसून घेताना दिसतो. पुढे क्रॉयटर भव्य पडद्याच्या शोधात गुंतले. ‘आयमॅक्स’ पद्धतीच्या संस्थापकांपैकी ते एक होत. तिचे पहिले चित्र १९७० मध्ये ओसाकाच्या प्रदर्शनात दाखविले गेले. २०१२ साली त्यांचे निधन झाले.

रूळ झाडणारा मजूर आणि जगविख्यात पियानोवादक यांच्याकडे एकाच आदराने पाहणे, हे या कारकिर्दीचे सार. कीर्तीपेक्षा काम श्रेष्ठ, एवढेच ते सांगते.

महाराष्ट्रात पंडित भीमसेन जोशी यांच्यावर गुलजार यांनी १९९२ साली अनुबोधपट केला, आणि तो योग्यच झाला. परंतु कोकणातून मॉरिशसला गेलेल्या गिरमिट्यांनी दिवसभर ऊस तोडून रात्री झाकरी गायिली, तेव्हा त्यांच्यापुढे कोणी कॅमेरा धरला नाही. त्या गायकांचे चेहरे गेले, आवाज गेले. मात्र त्यांच्याकडून शिकलेल्या पिढीतील एखादे आजोबा, एखादी आजी आजही कोणाच्या तरी ओसरीवर किंवा खिडकीशी बसून तेच पद गुणगुणत असतील. त्यांचे गाणे टिपण्यास मोठी संस्था लागत नाही; शेजारी बसण्याइतकी सवड लागते. ती सवड काढण्याचा काळ मात्र अमर्याद नाही.