बाण्णव म्हणजे निम्मे

गेल्या दिवाळीच्या सुट्टीतली गोष्ट. माझी मुलगी हातात एक शंभरपानी वही घेऊन माझ्या खोलीत आली आणि ती तिने पलंगावर टाकली. "बघ तुझ्या नातवाचे प्रताप. मला वाटलं गणिताची वही आहे!" तिच्यामागे दारात नातू उभा. वय वर्षे चौदा, इयत्ता नववी. चेहरा तपासनीस समोर येऊन बसल्यावर कॅशियरचा होतो तसा. दोघांनाही माझ्याकडून न्याय हवा होता. अडतीस वर्षे बँकेत काढल्यामुळे मला आकडे कळतात आणि कादंबऱ्या लिहीत असल्यामुळे माणसे कळतात, असा आमच्या घरात एक गोड गैरसमज आहे.

वही उघडली. मला वाटले होते, आत ढाली-तलवारींची चित्रे असतील. आत होते ते पट्टी लावून आखलेले रकाने. पहिल्या रकान्यात कौशल्याचे नाव : लाकूडतोड, मासेमारी, स्वयंपाक, खाणकाम, लोहारकाम. दुसऱ्यात आजची लेव्हल, तिसऱ्यात गाठायची लेव्हल, चौथ्यात त्यासाठी लागणारे अनुभवाचे गुण, पाचव्यात तासाची कमाई आणि सहाव्यात लागणारे तास. खाली बेरीज, बेरजेखाली दोन रेघा. खरे सांगते, कर्जाच्या अर्जाला जोडून माझ्या टेबलावर जे प्रकल्प अहवाल येत, त्यांतल्या अनेकांपेक्षा हा कागद प्रामाणिक होता. तासाची कमाई अंदाजाने ठोकलेली नव्हती. घड्याळ लावून तीन वेळा मोजून सरासरी काढलेली होती.

खेळाचे नाव 'रूनस्केप'. इंग्लंडमधल्या अँड्र्यू गोवर नावाच्या तरुणाने भावाच्या साथीने तो रचला आणि जानेवारी २००१ मध्ये तो इंटरनेटवर आला. केंब्रिजची जॅगेक्स ही कंपनी तो चालवते. पुढे खेळ इतका बदलला की जुन्या खेळाडूंना चुकल्या-चुकल्यासारखे वाटू लागले. तेव्हा कंपनीने जपून ठेवलेली २००७ सालची प्रत फेब्रुवारी २०१३ मध्ये 'ओल्ड स्कूल' या नावाने पुन्हा खुली केली. माझा नातू खेळतो तो हा, त्याच्या जन्माआधीचा खेळ. जगभरातली माणसे एकाच वेळी त्या कल्पित राज्यात वावरतात. कुणी झाडे तोडतो, कुणी मासे पकडतो, कुणी राक्षस मारतो. काहीही केले की त्या त्या कौशल्याचे अनुभवगुण मिळतात आणि गुण साठले की लेव्हल वाढते. कल्पना तशी जुनीच. १९७४ साली अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' हा कागद, पेन्सिल आणि फाशांचा खेळ काढला, त्यातही पात्र असेच अनुभवाच्या गुणांनी पायरी-पायरीने वर चढत असे.

आता हिशेब बघा. पहिल्या लेव्हलवरून दुसरीवर जायला ८३ गुण लागतात. म्हणजे पाच मिनिटांचे काम. शेवटची मानली जाणारी नव्याण्णवावी लेव्हल गाठायला एकूण १,३०,३४,४३१ गुण लागतात. मग पन्नासाव्या लेव्हलला किती झाले असतील? आपण म्हणू, निम्मे. प्रत्यक्षात १,०१,३३३. शंभरातला एक हिस्साही नाही! निम्मे काम होते ते बाण्णवाव्या लेव्हलला, ६५,१७,२५३ गुणांवर. निम्म्यापेक्षा जेमतेम ३७-३८ गुण अधिक. म्हणजे उरलेल्या सात पायऱ्या चढायला आधीच्या सगळ्या पायऱ्यांइतकाच घाम गाळायचा.

हे वाचून माझ्यातली बँकेची बाई जागी झाली. दर सात पायऱ्यांना पुढच्या पायरीची किंमत दुप्पट होते, म्हणजे प्रत्येक पायरी आधीच्या पायरीपेक्षा साधारण १०.४ टक्क्यांनी महाग. आमच्याकडे बहात्तरचा नियम असतो : बहात्तरला व्याजदराने भागले की पैसे किती वर्षांत दुप्पट होतील ते कळते. ७२ भागिले १०.४, उत्तर सातच्या जवळ. नातवाचा खेळ म्हणजे चक्क चक्रवाढ व्याज होते! पाठ्यपुस्तकातले जे सूत्र त्याला कंटाळवाणे वाटते, ते तो रोज संध्याकाळी कुऱ्हाडीने तोडत होता.

निम्मा रस्ता म्हणजे निम्मे काम नव्हे, हे मोठ्यांनाही कळायला वेळ लागतो. वीस वर्षांचे घरकर्ज नऊ टक्क्यांनी घेतले, तर दहा वर्षे हप्ते भरूनही मुद्दलातले जेमतेम २९ टक्के फिटलेले असतात. निम्मे फिटायला चौदा वर्षे लागतात. "मॅडम, अर्धी वर्षं भरली की हो!" असे म्हणत कितीतरी सज्जन माझ्यासमोर हताश होऊन बसलेले मला आठवतात. त्यांना हे कुणी चौदाव्या वर्षी शिकवले नव्हते. नातवाला एका खेळाने शिकवले.

शिकवले ते एवढेच नाही. कोणते काम आधी करायचे, हेही त्या वहीत होते. या खेळात एका सरदाराची हरवलेली तलवार पुन्हा घडवून द्यायची एक मोहीम आहे. एका बुटक्या लोहाराला तांबड्या बोरांचा गोड पाय खाऊ घालून खूश करायचे, बर्फाळ गुहेतून निळसर धातू खणून आणायचा आणि त्याच्याकडून तलवार करून घ्यायची. बक्षीस म्हणून लोहारकामाचे १२,७२५ गुण मिळतात. नवख्याने ही मोहीम केली तर तो पहिल्या लेव्हलवरून थेट एकोणतिसाव्या लेव्हलवर जातो. हेच गुण अठ्ठ्याण्णवाव्या लेव्हलला मिळाले, तर पुढच्या पायरीचा जेमतेम शंभरावा हिस्सा भरतो. गुण तेवढेच, वेळ चुकली की मोल गेले. वहीत या मोहिमेपुढे लाल शाईत लिहिले होते : 'सर्वांत आधी. पण खाणकाम १० झाल्यावर.' धातू खणायलाही किमान कसब लागते, हे त्याने ध्यानात ठेवले होते.

तसेच झाडांचे. तिसाव्या लेव्हलला विलो तोडता येतो, साठाव्याला यू. विलोने गुण भराभर वाढतात, पण त्या लाकडाला बाजारात भाव नाही. यू तोडायला वेळ लागतो, पण लाकडाचे पैसे येतात. वाढ हवी की उत्पन्न, हा प्रश्न घेऊन निवृत्त माणसे बँकेत तासन् तास बसतात. आमच्या चिरंजीवांनी तो अर्ध्या पानात सोडवला होता. खेळात बँकही आहे. तिथे लाकडे, मासे, नाणी ठेवता येतात, मात्र व्याज मिळत नाही. मी त्यावर नापसंती नोंदवली.

"मग झालं तर! तू त्याच्याच बाजूने," मुलगी म्हणाली.

तसे नव्हते. सहाव्या रकान्यात जो आकडा होता, तिथे माझे बोट थांबले होते. लाकूडतोड, साठपासून नव्याण्णवपर्यंत. प्रत्येक यू-लाकडाचे १७५ गुण, म्हणजे सुमारे ७३ हजार लाकडे. नातवाचा वेग तासाला तीस हजार गुण. लागणारे तास : ४२५. पुढे कंसात, 'रोज दोन तास = ७ महिने'. आणि हे एका कौशल्याचे. खाली आणखी चार होती.

मी त्याला जवळ बसवले. "नव्याण्णव झाल्यावर काय होतं रे?"

"केप घेता येते, आजी. पाठीवर घालायची. नव्याण्णव हजार नाण्यांना. पण त्यासाठी सभासद व्हावं लागतं, खरे पैसे भरून. मी फुकटवाला आहे."

"म्हणजे तुला ती मिळणार नाही?"

"आत्ता तरी नाही."

"मग नव्याण्णव कशाला?"

तो गप्प बसला. मग हळूच म्हणाला, "सगळे नव्याण्णवच ठरवतात."

आपल्या भाषेत 'अनुभव' हा शब्द किती भारदस्त आहे! अनुभवी माणूस म्हटले की डोळ्यांसमोर पिकलेले केस येतात. खेळातला अनुभव निराळा. पहिल्या यू-लाकडाचे १७५ गुण आणि त्र्याहत्तर हजाराव्याचेही १७५च. तोडणाऱ्याच्या मनात काही घडले की नाही, याची नोंद कुठे होत नाही. पहिली शंभर लाकडे तोडताना त्याने वेग मोजला, भाव पाहिला, विलोशी तुलना केली. शिकण्यासारखे होते ते तिथेच शिकून झाले. पुढची बहात्तर हजार नऊशे लाकडे ही नुसती हजेरी. खेळ दोन्ही एकाच मापाने मोजतो. पण खेळाला बोल लावण्याआधी मला माझ्याकडे पाहणे भाग होते, कारण हजेरीला अनुभव समजण्याची चूक मी पगार घेऊन केली आहे.

१९९७ सालचा मार्च. मी एका शाखेची प्रमुख होते. ठेवींचे उद्दिष्ट वरून आलेले, आणि ३१ मार्चला काही थोडी रक्कम कमी पडत होती. शेवटच्या आठवड्यात माझ्या मुलीला, हीच जी वही घेऊन आली तिला, कांजिण्या झाल्या. अंगभर फोड, ताप. मी सकाळी आठला निघत होते आणि रात्री अकराला येत होते. कडुनिंबाचा पाला आणून तिच्याजवळ बसायच्या त्या माझ्या सासूबाई. उद्दिष्ट पुरे झाले. १ एप्रिलला टेबलावर पेढे आले आणि तिसऱ्या आठवड्यात नव्या वर्षाचे उद्दिष्ट आले, आधीपेक्षा मोठे. आज मला तो ठेवींचा आकडा आठवत नाही. किती कोटी होते, कितीने वाढले, काही नाही. मुलीला मात्र कडुनिंबाचा वास आला की आजी आठवते. मी आठवत नाही. यात तिचा दोष नाही, मी तिथे नव्हतेच.

हे मी त्या दिवशी दोघांसमोर बोलले. मुलगी म्हणाली, "आई, मी कधी काही म्हटलं का?" म्हणाली नव्हती, हे खरेच. पण आपला मुलगा तासन् तास पडद्यासमोर बसून कुणा दुसऱ्याने ठरवलेल्या आकड्यामागे धावतो आहे, हे पाहून तिचा जीव एवढा का कासावीस होतो, ते मला त्या दिवशी कळले. तिला वाटणारी भीती फक्त दहावीच्या मार्कांची नव्हती.

मग निवाडा दिला. वही परत करायची, जप्ती नाही. ज्या मुलाला सहा रकाने आखता येतात, त्याची वही काढून घेणे म्हणजे चांगल्या कर्जदाराचे खाते गोठवण्यासारखे आहे. पण वहीत दोन रकाने वाढवायचे. सातवा : या तासांत दुसरे काय होऊ शकले असते? आठवा : कुठे थांबणार, आणि तिथेच का? आठव्यात 'सगळे तेच ठरवतात' हे उत्तर चालणार नाही.

त्याने अर्धा तास पेन्सिल चावली. सातव्या रकान्यात लिहिले : 'पोहणे. भूमिती. झोप.' आठव्यात नव्याण्णव खोडून सत्तर केले. साठपासून सत्तरपर्यंत ४,६३,८८५ गुण, म्हणजे साडेपंधरा तास. कारण लिहिले : 'तोपर्यंत यूचे पैसे पुरेसे होतील. नंतर नवीन काही कळत नाही.' या शेवटच्या वाक्यावर मी टिकमार्क केली.

घरोघरी अशा वह्या आहेत. काही कागदावर, बहुतेक मुलांच्या डोक्यात. ओरडण्याआधी आईबापांनी त्या एकदा वाचायला मागाव्यात, एवढेच मला सुचवायचे आहे. मूल किती वेळ खेळते हे आपण विचारतो. कशासाठी खेळते, आणि पुरे कधी म्हणणार, हे विचारत नाही. कारण मग तोच प्रश्न उलटून आपल्याकडे येतो. बढती, दुसरा फ्लॅट, क्लासमधला पहिला नंबर, यांतले आपण स्वतः ठरवलेले किती आणि 'सगळे तेच ठरवतात' म्हणून घेतलेले किती? आखणी करणे हे शहाणपण खरेच. पण आखणी फक्त पोहोचायचे कसे ते सांगते. जायचे कुठे हा रकाना ज्याचा त्याने भरायचा असतो, आणि तो भरायला मुलांना कुणी शिकवत नाही.

नातवाची सत्तरावी लेव्हल डिसेंबरात झाली. दुसऱ्या दिवशी पाहिले तर एकाहत्तर झालेली. मी बोलले नाही, फक्त वही मागितली. त्याने सत्तर खोडून पंचाहत्तर केले, मग सहाव्या रकान्यातले तास नव्याने मांडले आणि त्यांच्यापुढे महिना लिहिला : मे. परीक्षेनंतरचा. वही आता त्याच्या आईच्या कपाटात असते. तिने ठेवलेली नाही, त्यानेच दिली आहे. परवा रात्री पाणी प्यायला उठले, तर स्वयंपाकघरात दोघे बसलेले दिसले आणि मुलगी विचारत होती, "पण त्या लोहाराला पायच का लागतो रे? दुसरं काही चालत नाही?"