आगगाडी, बोगदा आणि अर्थ



व्हिक्टोरिया राणीच्या कारकिर्दीच्या अखेरीस इंग्लंडमध्ये चित्रित झालेले आगगाडीचे मूकपट आपण बहुधा गतकाळाची नोंद म्हणून पाहतो. ही दृष्टी अपुरी आहे, असे माझे मत आहे. हे चित्रपट काळ दाखवतात, त्याचबरोबर काही सांगतातही; आणि ते कसे सांगतात, याचा विचार भाषेच्या अभ्यासकाने अवश्य करावा.

त्या काळी कॅमेरा इंजिनाच्या पुढच्या भागावर बसवून प्रवास चित्रित करीत. पडद्यावर इंजिन दिसत नसे; केवळ रूळ, पूल आणि बोगदे प्रेक्षकाच्या अंगावर येत. अशा चित्रपटांना ‘फँटम राइड’ म्हणत. सेसिल हेपवर्थ यांनी असा एक चित्रपट केला होता. १८९९ मध्ये जी. ए. स्मिथ यांनी ‘अ किस इन द टनेल’ हे डब्याच्या अंतर्भागाचे एकच दृश्य चित्रित केले. बोगद्यातील अंधाराच्या जागी फिल्म कापून हे दृश्य मध्ये जोडावे, अशी योजना होती. गाडी बोगद्यात शिरते. डब्यातील जोडपे चुंबन घेते. गाडी प्रकाशात येते. ‘तेवढ्यात’ किंवा ‘आत’ हे शब्द कोणी उच्चारत नाही, तरी प्रेक्षकाला ते उमगतात. सुटे पाहिले तर ते केवळ चुंबन. बोगद्यानंतर पाहिले तर ते चोरून घेतलेले चुंबन.

‘दिवे गेले आणि तो हसला’, ‘तो हसला आणि दिवे गेले’ ही दोन वाक्ये ताडून पाहा. शब्द तेच, क्रम बदलताच कार्यकारणसंबंध बदलतो.

स्मिथ यांचा डबा हा खरा डबा नव्हे, तो नेपथ्य आहे. प्रवासी म्हणजे स्वतः स्मिथ आणि त्यांच्या पत्नी लॉरा बेली. डब्याची नोंद म्हणून हे दृश्य विश्वासार्ह नाही. मात्र चारचौघांत जे करता येत नसे, त्याला अंधाराची संधी लागे, हा तत्कालीन संकेत ते अचूक सांगते.

अर्थात, ‘चित्रपटाची भाषा’ हे रूपक आहे. दृश्य म्हणजे शब्द नव्हे. त्याला शब्दासारखा कोशगत अर्थ नसतो. ही मर्यादा विसरू नये.

असा एखादा मूकपट पाहताना आपल्या वहीत दोन रकाने आखा: ‘काय दिसले’ आणि ‘मी काय जोडले’. दुसरा रकाना अधिक भरेल. वाचन म्हणजे तोच रकाना ओळखणे.