‘सासुरवास’ या शब्दाचा आडोसा

घरातील हिंसेसाठी मराठी समीक्षेने एक सोयीचा शब्द जपून ठेवला आहे : सासुरवास. या शब्दात छळ आहे. छळणारा पुरुष मात्र नाही. दोष सासूच्या पदरी पडतो, नवरा नामानिराळा राहतो आणि वाचक हळहळून पान उलटतो. जात्यावर ओव्या रचणाऱ्या स्त्रिया याहून काटेकोर होत्या. घास मोजून घालणे, बोल लावणे, माहेरची वाट बंद करणे, हात उगारणे, यांतील एकेक दुःख त्यांनी वेगळे ओळखले. अभ्यासकांनी त्या सर्वांवर ‘स्त्रीमनाची व्यथा’ अशी एकच चिठ्ठी डकवली.

लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’ची (१९३४-३६) गत निराळी नाही. सासऱ्यांचा जाच, न सांगता घर सोडून जाणारा पती, हाती पैसा नसलेली पत्नी, हे सारे त्या ग्रंथात उघड लिहिले आहे. गौरव झाला तो प्रामुख्याने लेखिकेच्या खेळकरपणाचा. तो गौरव खोटा नव्हे. परंतु हसून सोसावे लागले ते नेमके काय होते, हा प्रश्न त्याने गिळून टाकला.

दिल्लीच्या संदर्भात हा प्रश्न अधिक बोचतो. पहाडगंज हे येथील मराठी समाजाचे जुने सांस्कृतिक ठाणे. नूतन मराठी शाळा तेथे, बृहन्महाराष्ट्र भवनही तेथेच. महाराष्ट्रातून या परमुलखात नांदायला आलेल्या स्त्रीचे माहेर हजार किलोमीटरांहून दूर असते, शेजार परभाषी असतो आणि मराठी मंडळींतही तिची ओळख बहुधा नवऱ्याच्या नावाने होते. अशा एकाकीपणाचे शस्त्र करायला काठी उचलावी लागत नाही.

विजय तेंडुलकरांच्या ‘कमला’ने (१९८१) असेच बिनकाठीचे घर रंगमंचावर आणले, आणि तेही दिल्लीतीलच. स्त्रियांची विक्री होते हे सिद्ध करण्यासाठी ‘इंडियन एक्सप्रेस’चे वार्ताहर अश्विनी सरीन यांनी त्याच वर्षी एक स्त्री विकत घेतली होती, ही घटना नाटकाचे बीज ठरली. नाटकातील पत्रकार जयसिंग जाधव बाजारातून आणलेली कमला आपल्या घरी ठेवतो. तुला कितीला घेतले, असे तीच निरागसपणे त्याच्या सुशिक्षित पत्नीला, सरितेला, विचारते. सरितेच्या दास्याला मारहाणीची गरज पडत नाही. निर्णय, वेळ आणि शय्या यांवरील नवऱ्याची मालकी पुरेशी असते. समीक्षेने सरितेची जागृती पाहिली, नाही असे नाही. पण तिच्या स्थितीला ‘गुलामगिरीचे रूपक’ म्हणून ती मोकळी झाली.

कायद्याने मात्र त्या स्थितीला रूपक मानले नाही. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्याने, ज्याचा अंमल २६ ऑक्टोबर २००६ रोजी सुरू झाला, शारीरिक, लैंगिक, शाब्दिक-भावनिक आणि आर्थिक अशी हिंसेची चार रूपे नोंदवली. पत्नीसोबत आई, बहीण आणि विवाहाविना एकत्र राहणारी स्त्री यांनाही संरक्षण दिले. कायदाही निर्दोष नाही. जी लैंगिक सक्ती तो घरातील हिंसा मानतो, तिलाच सज्ञान पत्नीच्या बाबतीत २०२४ पासून लागू झालेली भारतीय न्याय संहिता बलात्कार म्हणत नाही.

साहित्य म्हणजे खटला नव्हे, असा आक्षेप येथे घेतला जाईल. तो मान्य करूनही एक गोष्ट उरते. कवितेतील वृत्त, अलंकार आणि ध्वनी यांचे बारीक भेद करणारी समीक्षा उपाशी ठेवणे आणि अबोला धरणे यांत भेद करत नसेल, तर तिचा संयम हा रसिकतेचा भाग नाही. तो घरधन्याचा शिष्टाचार आहे. रूपक उलगडताना त्यामागील वस्तुस्थितीचे नाव घेणे हे समीक्षेचे पहिले काम होय. विद्यार्थ्याने ‘स्मृतिचित्रे’ आणि ‘कमला’ शेजारी ठेवून वाचावीत. प्रत्येक प्रसंगी पैसा कोणाच्या हाती होता, दार कोण बंद करत होते आणि नकार देण्याची मुभा कोणाला होती, एवढेच विचारावे. ‘सासुरवास’ हा शब्द या तीन प्रश्नांपुढे टिकत नाही.