द्राक्षमळ्यातील विवाह

द्राक्षमळ्यात विवाह म्हटले की वडीलधाऱ्यांना प्रथम वाइनरी आठवते. शंका रास्तच, पण नाशिक-दिंडोरीकडील बहुतेक मळे खाण्याच्या द्राक्षांचे असून तेथे मद्याचा संबंध नाही. ऑक्टोबरच्या छाटणीने उघड्या पडलेल्या वेली डिसेंबरात हिरव्यागार होतात. मात्र त्या काळात औषधफवारणी चालते. तारीख मालकाला विचारूनच ठरवावी. सकाळी विवाह, सूर्यास्तापूर्वी भोजन. चौविहार सांभाळला जातो आणि रोषणाई व मुक्कामाचा खर्च आपोआप टळतो. पन्नास पाहुण्यांना एक बस पुरते. वाटेत म्हसरूळला गजपंथाचे दर्शनही घडते. कठीण आहे ती निमंत्रणांची यादी. वर्षानुवर्षांच्या व्यवहारातील आडत्यांना वगळणे यजमानांच्या जिवावर येते. त्यांच्या पेढीवर विवाहानंतर वधूवरांनी स्वतः मिठाई घेऊन जावे.