वधूला कोणी विचारले?

विजयदान देथा यांच्या 'दुविधा' या राजस्थानी लोककथेतील वर लग्नाहून परतताना वधूकडे पाहत नाही. लग्नखर्चाचा हिशेब करीत बसतो. लगोलग तो पाच वर्षांसाठी व्यापाराला जातो आणि वधूवर भाळलेले भूत त्याचे रूप घेऊन घरात शिरते. भूत सासऱ्याला रोज पाच मोहरा देते. मग सासऱ्याला शंका कशाला येईल? त्या घरात खरे बोलते ते एकटे भूत. आपण कोण, हे ते वधूला आधीच सांगते. वाचताना हसू येते आणि पाठोपाठ अंगावर काटाही येतो.

या कथेवर १९७३ साली मणी कौल यांनी 'दुविधा' आणि २००५ साली अमोल पालेकर यांनी 'पहेली' हे चित्रपट केले. मूळ कथेत मेंढपाळ भुताला पखालीत कोंडतो आणि वधू हिशेबी नवऱ्याच्या पदरी उरते. 'पहेली'त भूत नवऱ्याच्याच देहात परतते. स्त्रीच्या निवडीला न्याय देण्याचा हेतू चांगलाच. पण त्या गोड शेवटाने कथेची नांगी मोडली. खरा नवरा कोण, एवढाच निवाडा झाला. जिच्या आयुष्याचा निवाडा होता, तिला कोणी विचारलेच नाही.

गोंदिया जिल्ह्यात २०११च्या जनगणनेनुसार दर हजार पुरुषांमागे ९९९ स्त्रिया होत्या, राज्यात ९२९. परंतु संख्येची बरोबरी म्हणजे मताची बरोबरी नव्हे. गोंड समाजात वधूमूल्याची, आणि ते न जमल्यास वराने मुलीच्या घरी राबण्याची रीत होती. तेथे मुलीच्या श्रमाला निदान मोल होते, जरी ते बापाच्या हाती पडे. हुंड्याने तिलाच बोजा ठरविले. १९६१च्या हुंडाबंदी कायद्याने देवघेवीची वही लपली. देवघेव थांबली नाही.

सभेत हुंड्याविरुद्ध बोलणारे आपल्यापैकी किती जण घरच्या लग्नात त्या पाच मोहरांपुढे गप्प बसतात, याचा हिशेब प्रथम मांडला पाहिजे. दिवाळीनंतर झाडीपट्टीत मंडई भरते, रात्रभर दंडार रंगते. कार्यकर्त्यांनी ही कथा तेथे न्यावी. हाती साधन असेल त्यांनी तिचा लघुपट करावा. शेवट मात्र गोड करू नये. निवाड्याच्या क्षणी खेळ थांबवावा आणि समोर बसलेल्या स्त्रियांना त्यांचा निवाडा विचारावा. उत्तर येईपर्यंत पडदा पाडू नये.